पाण्याची हाळी

पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर एक मेंढी उभी आहे.

दोन घरांच्या मधली चिंचोळी, मागची मोकळी जागा. उजव्या विंगेकडे पत्र्याचं छप्पर. त्याखाली पोत्यांचं अंथरूण आणि पाण्यानं काठोकाठ भरलेली निळी बादली. डाव्या विंगेकडे कपड्यांची तार. तिच्यावर टायरच्या दुकानात घालायचा, कितीही धुतला तरी काळाच राहणारा एक शर्ट. मधोमध मेंढी, आणि तिच्यामागे उकिडवा बसलेला म्हातारा. त्यानं तिचा मागचा पाय स्वतःच्या गुडघ्यावर घेतलाय आणि छोट्या वाकड्या सुरीनं तो तिचा खूर तासतोय. प्रकाश सकाळचा, तिरपा. पार्श्वसंगीत कोपऱ्यावरच्या पिठाच्या गिरणीचं.

प्रेक्षागृहात एकटी मी.

आयुष्यभर मी लोकांना बाल्कनीत बसवून हसवलं, रडवलं. म्हातारपणी मला बाल्कनीचं तिकीट मिळालं, तेही फुकटात. माझी खोली समोरच्या इमारतीत पहिल्या मजल्यावर आहे आणि तिची एकुलती एक खिडकी नेमकी त्या मोकळ्या जागेवर उघडते. गुडघ्यांनी संप पुकारल्यापासून माझा दिवस त्या खिडकीतच जातो. जिनं राण्या केल्या, खाष्ट सासवा केल्या, एकदा तर ऐन वेळी आजारी पडलेल्या सेनापतीची मिशी चिकटवून लढाईसुद्धा जिंकली, तिला आता भाजी निवडत मेंढीचा प्रवेश बघावा लागतो, म्हणून कुणी हळहळेल. मी नाही हळहळले. नाटक चांगलं असलं की नटसंच केवढा हे मी विचारत नाही.

हे बिऱ्हाड गल्लीत आलं ते एका टेम्पोतून. मुलाला हमरस्त्यावरच्या टायरच्या दुकानात कायमचं काम लागलं होतं, त्यानं गिरणीच्या मागच्या दोन खोल्या घेतल्या आणि आईवडिलांना आणलं. टेम्पोतून गाद्या उतरल्या, ट्रंक उतरली, शेगडी उतरली, आणि गाद्या-ट्रंकेच्या मधून, पाहुणी उतरावी तशी, मेंढी उतरली. मागच्या एका पायानं लंगडत होती. खाली आमचा इस्त्रीवाला उभा होता. त्याच्या हातात इस्त्री नसली तरी त्याची जीभ गरमच असते.

"काय हो," तो मुलाला म्हणाला, "मेंढी भाड्यात धरलीय की तिचं वेगळं?"

मुलगा कानापर्यंत लाल झाला. म्हाताऱ्यानं मात्र मान वर करून काहीतरी उत्तर दिलं. ते कुणालाच ऐकू आलं नाही.

"काय म्हणालात?"

म्हाताऱ्यानं पुन्हा ओठ हलवले. पुन्हा काही नाही. इस्त्रीवाला त्याच्या तोंडाला कान लावून उभा राहिला, मग आम्हा सगळ्यांकडे वळून म्हणाला, "म्हणतायत, ती फार जागा घेत नाही."

आठवडा उलटायच्या आत गल्लीनं म्हाताऱ्याचं बारसं केलं. कुजबुजे. आडनाव वाटावं इतकं चपखल बसलं. पोस्टमनसुद्धा 'कुजबुज्यांच्या बाजूचं घर' असं विचारत यायचा.

रंगभूमीवर कुजबुज करायची म्हणजे ती शेवटच्या रांगेतल्या माणसाला कळली पाहिजे, असं आम्हाला शिकवलेलं. ह्या माणसाची कुजबुज त्याच्या स्वतःच्या मिशीपलीकडे जात नव्हती. तेवढ्यानंच माझं कुतूहल चाळवलं. छाती ही अशी, पेटाऱ्यासारखी. मान रुंद. गळ्याच्या शिरा, ओरडून ओरडून ज्यांच्या फुगतात तशा. मी शिरा ओळखते, माझा धंदाच तो होता. हे वाद्य मोठं होतं आणि कुणीतरी त्यात बोळा कोंबला होता.

मग मी भाजीची सालं, देठं एका टोपलीत साठवायला लागले आणि ती घेऊन जिना उतरायला लागले. गुडघे शिव्या देत, पण उतरत.

"ही कोण?" मी पहिल्या दिवशी विचारलं.

"मागची," तो कुजबुजला.

"मागच्या कुणाची?"

"नाव आहे हो तिचं. मागची. पाय असा असल्यानं कळपात कायम सगळ्यांच्या मागं चालायची."

त्याची बायको ओट्यावर बसून हसली. ती उंच, सडसडीत बाई. बोलली की गिरणीचा आवाज खाली बसायचा. संसारातला सगळा आवाज तिच्या वाट्याला आला होता. "ताई, बसा ना. अहो, त्यांना खुर्ची द्या. स्वतः बसत नाहीत ते नाहीत, दुसऱ्यालाही द्यायचं सुचत नाही."

त्याला खुर्चीवर बसायचं माहीतच नव्हतं. जन्म सगळा काठीला टेकून उभं राहण्यात गेलेला. घर असं नव्हतंच. कळप जिथं थांबेल ते घर. हिरवळ संपली की पुढे. वाटेत एखादी व्याली तर ओलं कोकरू घोंगडीच्या झोळीत घालून खांद्यावर टाकायचं आणि चालत राहायचं. कोकरू मेलं, आणि दुसरीकडे एखादं पोरकं झालं, तर मेलेल्याचं कातडं त्या पोरक्याच्या पाठीवर बांधायचं. मेलेल्याची आई वास घेते, आपलं म्हणते, दूध देते.

"म्हणजे वेशभूषा बदलून भूमिका वठवायची," मी म्हटलं. "आमच्यातही हेच."

"किती दिवस चालायचं तुमच्यात?" त्यानं गंभीरपणे विचारलं.

"पडदा पडेपर्यंत."

"आमच्यात दोन-चार दिवस. मग कातडं काढलं तरी आईला फरक पडत नाही. तोवर तिचंच झालेलं असतं ते." तो थोडा हसला. "ती फसवणूक चालते, ताई. त्यात दोघांचंही भलं होतं."

'ती' या शब्दावर त्यानं किंचित जोर दिला होता. माझ्यासारख्या बाईनं तेव्हाच ओळखायला हवं होतं. पण मला गोष्टींची चटक लागली होती, आणि चटक लागलेला प्रेक्षक बारकावे सोडतो.

पूर्वी शेतकरी त्यांना निरोप धाडून बोलवायचे. आमच्या रानात बसा, आमच्या रानात बसा. मेंढरं रात्रभर बसली की जमिनीला खत मिळायचं. मग खताची पोती आली आणि निरोप थांबले. मग वाटांना तारा आल्या. जिथून त्याचा बाप, त्याच्या बापाचा बाप कळप घेऊन गेला, तिथं फाटक आणि फाटकाशी शिट्टी फुंकणारा पहारेकरी. शेवटी शेवटी ते रस्त्याच्या कडेनंच चालायचे, आणि मागून येणारी प्रत्येक गाडी भोंगा वाजवून त्यांच्या आईबापांची आठवण काढायची. हे तो रागानं सांगत नसे. एखाद्या जुन्या नटानं पाडलेल्या थिएटरबद्दल सांगावं तसं सांगायचा. इथं दार होतं, इथं पायऱ्या होत्या.

बोलताना त्याचा हात मधूनमधून बादलीकडे जायचा. मेंढीनं दोन घोट घेतले की तो उठून बादली पुन्हा काठोकाठ भरायचा. न प्यायली तरी पाणी शिळं झालं म्हणून ओतायचा आणि ताजं भरायचा. गल्लीत पाणी सकाळीच यायचं, तेही करंगळीएवढ्या धारेनं. त्यावरून त्या घरात रोज एक प्रवेश रंगायचा.

"बाबा, कितीदा भरणार ती बादली?" मुलगा कामावर निघताना ओरडायचा. "मेंढी पाळलीय आपण, अग्निशामक दल नाही!"

म्हातारा खाली मान घालून भरत राहायचा. एरवी शेजाऱ्याच्या कोंबडीलाही उलट उत्तर देणारी त्याची बायको त्या वेळी नेमकी दुसरीकडे बघायची.

हाळीचा विषय मीच काढला. मेंढपाळाची हाळी मी लहानपणी टेकडीपलीकडून ऐकलेली. दिसायचं कुणी नाही, आवाज तेवढा यायचा, आणि अख्खी टेकडी हलल्यासारखी मेंढरं सरकायची. पुढे मी नाटकं बसवायलाही लागले, तेव्हापासून मला त्याचा कायम हेवा वाटला आहे. आमच्याकडे सहा माणसांचा जमाव डावीकडून उजवीकडे न्यायचा तर तालमीत आठवडा जायचा.

"हाळी तीन तऱ्हेची," तो म्हणाला. "एक वळवायची. एक गोळा करायची, लांडगा-कुत्रा आला की. आणि एक पाण्याची."

"फरक काय?"

"पहिल्या दोन म्हणजे हुकूम. ऐकला तर ठीक, नाहीतर काठी आहे, कुत्रा आहे. पाण्याची हाळी हुकूम नसते. तो दिलेला शब्द असतो." त्यानं मेंढीच्या कानातलं कुसळ काढलं. "पाणी डोळ्यांना दिसल्याशिवाय ती तोंडातून काढायची नाही. बापानं मेंढरं हवाली करायच्या आधी मला हे हवाली केलं."

"आणि चुकून दिली तर?"

"दिली होती ना. विशीत होतो. ऐन उन्हाळा, मेंढरं जिभा बाहेर काढून चाललेली. लांबवर चकाकलं. मी म्हटलं, तळं. दिली हाळी. पळतच गेली सगळी. जवळ गेलो तर नव्या कारखान्याचे पत्रे." त्यानं मेंढीच्या पाठीवरून हात फिरवला. "मेंढरं माझ्या तोंडाकडे बघत उभी. बाप मला एक शब्द बोलला नाही. आमच्या प्यायच्या पाण्याचे दोन डबे होते, ते त्यानं उघडले आणि घमेल्यात ओतले. सगळ्यांच्या जिभा ओल्या होतील एवढंच झालं. आम्ही दोघं संध्याकाळपर्यंत तसेच. पण शब्द खोटा पडला नाही. पुढच्या वेळी हाळी दिली तेव्हा आली सगळी."

मी टाळी वाजवायच्या बेतात होते. "कुजबुजेभाऊ, एकदा ऐकवा ना हो ती हाळी!"

त्याचा चेहरा असा मिटला की जणू कुणी दिवे घालवले.

"घसा गेलाय, ताई."

आता घसा म्हणजे माझं राज्य. मी ज्येष्ठमध आणून दिला. मिठाच्या गुळण्या सांगितल्या. सकाळी उठल्यावर तोंड मिटून गुणगुणायचा व्यायाम सांगितला, तो करून दाखवला. इस्त्रीवाला म्हणाला, बाई, गिरणी बंद असून आवाज कुठला येतोय. म्हातारा सगळं निमूट ऐकायचा, ज्येष्ठमध चघळायचा, मान डोलवायचा. त्याच्या त्या निमूटपणात एक लाज होती. मी ती म्हाताऱ्या पुरुषाची लाज समजले: बाईमाणसाकडून औषध घेण्याची. मी आणखी उत्साहानं औषधं आणली.

शेवटी त्याच्या बायकोनंच मला थांबवलं. तो छपराखाली पोती झटकत होता, आम्ही दोघी ओट्यावर.

"ताई, उगीच खटाटोप करू नका," ती म्हणाली. पहिल्यांदाच तिचा आवाज हळू होता. "त्यांच्या घशाला काही झालेलं नाही."

मग तिनं सांगितलं.

कळप विकायचं ठरलं त्यात नवल नव्हतं. गुडघे गेले होते, वाटा गेल्या होत्या, मुलाला त्यात यायचं नव्हतं. व्यापारी ट्रक घेऊन आला. फळी लावली. मेंढरं चढेनात. उंच, अंधारी, डिझेलचा वास येणारी जागा, कशाला चढतील? व्यापाऱ्याच्या माणसांनी आधी ढकललं, मग पाय धरून ओढलं, मग काठ्या काढल्या. एका गाभणीला फळीच्या कडेवर असं आपटलं की ती उठेना.

"ह्यांना बघवेना, ताई. म्हणाले, थांबा, मारू नका. स्वतः फळीवरून आत गेले. पार पुढे, ड्रायव्हरच्या केबिनीला पाठ लावून उभे राहिले. आणि पाण्याची हाळी दिली."

पोती झटकण्याचा आवाज थांबला होता.

"सगळी गेली. एकमेकींच्या पाठीवरून गेली. सकाळपासून उन्हात अडवून ठेवलेली, घसे सुकलेले. काठी लागली नाही की धक्का लागला नाही. आत भरली ती भरली, आणि हे मध्ये. सगळी ह्यांच्या तोंडाकडे बघतायत. कुठंय पाणी म्हणून." तिनं पदरानं ओठ पुसले. "उतरायला वाट त्यांच्यातूनच काढावी लागली. एकीएकीला हातानं बाजूला करत उतरले. ही लंगडी तेवढी मागं राहिली. ती पोचली तोवर फळी काढलेली. व्यापारी म्हणाला, राहू दे, जागा नाही. ट्रक गेला तरी ही तिथंच उभी, पाणी शोधत. तेव्हापासून ते तोंड उघडून बोललेले नाहीत."

छपराखालून तो बाहेर आला. ऐकलं होतं सगळं. तो माझ्याकडे बघत नव्हता, मेंढीकडेही नाही. बादलीकडे बघत होता.

"विकल्याचं नाही हो, ताई," तो कुजबुजला. "विकणं धंद्यातच आहे. मेंढरू शेवटी कुठं जातं ते मेंढपाळाला ठाऊक असतं. काठ्या खाऊन चढली असती तरी तिथंच गेली असती. पण ती मला शिव्या देत गेली असती. सगळी माझ्यावर भरवसा ठेवून गेली."

मी टोपली उचलली आणि वर आले. त्यानंतर मी त्याला हाळीबद्दल कधी विचारलं नाही. सालं मात्र नेत राहिले.

आता शेवटचा अंक. वेळ दुपारची, उन्हानं पांढरी पडलेली.

मुलगा जेवायच्या सुट्टीत घरी आला तो डोक्यावर एक वस्तू घेऊन. मोठ्या गाडीचा जुना टायर त्यानं दुकानात आडवा कापून, कडा घासून त्याचं पाण्याचं कुंड केलं होतं. बापाला काही बोलला नव्हता, आईलाही नाही. मी खिडकीतून विचारलं तर ओशाळून म्हणाला, "बादली सारखी भरतात ना. ह्यात जास्त राहील." रोज बादलीवरून ओरडणारा पोरगा तो. मला अगदी भरून आलं.

त्या भरात त्याच्याकडून मागचं फाटक उघडं राहिलं.

गल्लीतले दोन कुत्रे आत शिरले. मी वरून ओरडले, तो टायर टाकून धावला, पण मेंढी तोवर फाटकातून बाहेर. तीन पायांवर ती इतकी पळू शकते हे तिलाही माहीत नसावं. गिरणीला वळसा घालून ती गोदामामागच्या ट्रकतळात घुसली. मुलगा पुढे, म्हातारा-म्हातारी मागे, आणि सगळ्यात शेवटी इस्त्रीवाल्याचा दंड धरून मी. मागची तर तेव्हा मीच होते.

ट्रकतळात मेंढी एका भरलेल्या ट्रकखाली जाऊन बसली होती. आतल्या बाजूला, मागच्या जोडचाकांना अंग चिकटवून. इंजिन सुरू. कुत्रे भोवती. एका हमालानं दगड मारून त्यांना पिटाळलं, पण मेंढी हलेना. मुलगा पोटावर सरपटत आत गेला की ती पलीकडच्या चाकाशी सरके. पलीकडून कुणी गेलं की अलीकडे. मागं दुसरा ट्रक निघायला उभा, तो सारखा भोंगा वाजवत होता, आणि भोंगा वाजला की ती चाकाखाली आणखी खोल शिरे.

"मामा," ड्रायव्हरनं वरून मान काढली, "तुमची मेंढी काढा, नाहीतर मी गाडी काढतो."

"दोन मिनिटं थांबा की!" म्हातारीनं त्याला झापलं.

"अहो मावशी, किती वेळ? मला ती दिसत पण नाही. जरा पुढे घेतली आणि ती चाकाखाली आली तर पाप मला."

माणूस वाईट नव्हता. त्याची गेटपासची वेळ संपत आली होती.

सगळे म्हाताऱ्याकडे बघायला लागले. तो ट्रकपासून चार पावलं लांब उभा होता. शेजारच्या रिकाम्या ट्रकची मागची फळी खाली सोडलेली होती, आणि तो मेंढीकडे न बघता त्या फळीकडे बघत होता. त्याचा गळा हलत होता. आवाज येत नव्हता.

मग मी पुढे झाले. म्हटलं, आवाजच हवा ना? माझा आवाज एके काळी माइकशिवाय तंबूच्या पार टोकाला पोचायचा. छातीत हवा भरली, आणि टेकडीपलीकडून ऐकलेली ती हाळी जशी आठवली तशी दिली. एका हमालाच्या डोक्यावरचं पोतं खाली पडलं. चहाच्या टपरीतला माणूस "कुणाला लागलं, कुणाला लागलं?" म्हणत धावत आला. मेंढी आणखी आत सरकली.

"बाई," इस्त्रीवाला म्हणाला, "ती तुम्हालाच घाबरली."

"बाबा!" मुलगा ट्रकखालून ओरडला. "तुम्ही द्या ना हाळी! तुमची ओळखेल ती!"

म्हाताऱ्याचे ओठ हलले. मुलानं ट्रकखालून डोकं बाहेर काढलं. "काय?"

"पाणी," म्हातारा म्हणाला.

"पाणी नंतर बघू हो! आधी हाळी द्या, बाहेर तर येऊ दे तिला!"

"आधी पाणी."

कुजबुजच होती ती. पण ह्या खेपेला सगळ्यांना ऐकू आली. भोंगा वाजवणाऱ्यालाही बहुतेक, कारण त्यानं भोंगा थांबवला.

मुलगा ट्रकखालून बाहेर आला. पाठ ग्रीसनं माखलेली, कोपर सोललेलं. तो बापाकडे बघत राहिला. त्या दिवशी कळपाच्या ट्रकपाशी तोही उभा होता. मग तो टपरीकडे पळाला, कपबशा विसळायची बादली उचलून त्यानं रस्त्यावर पालथी केली आणि पिंपातलं स्वच्छ पाणी तिच्यात ओतायला लागला. टपरीवाला "अरे, अरे, प्यायचं आहे ते!" म्हणतोय, हा ओततोय. काठोकाठ भरून, धडपडत घेऊन आला.

म्हाताऱ्यानं बादली घेतली. ट्रकखालून दिसेल अशा जागी ती ठेवली. वाकून मेंढीच्या नजरेच्या उंचीवरून एकदा स्वतः बघितलं. दिसतेय. हात पाण्यात बुडवून वर काढला, निथळू दिला. मग उभा राहिला. एक हात हवेत कशाला तरी टेकल्यासारखा धरला, काठी नव्हती तरी.

पहिला प्रयत्न वाया गेला. नुसता खरखरीत वारा आला. म्हातारीनं डोळे मिटले. ड्रायव्हरनं आपण होऊन इंजिन बंद केलं.

आणि मग हाळी आली. मी खूप आवाज ऐकलेत, भले भले. हा सुरू झाला तो इतका खालून की आधी कानाला नाही, पायाला कळला. वर चढत गेला, मध्ये फाटला, आणि त्या फाटलेल्या जागेतून दुसराच एक कोवळा सूर निघून लांबच लांब गेला, गोदामांच्या छपरांवरून, जिथं आता कुठलाच कळप नव्हता तिथंपर्यंत. शेवटी नुसतं "ये, ये, ये". म्हणजे, आहे. इथं आहे. खरंच आहे.

ट्रकखालून आधी एक काळं नाक आलं. मग एक खांदा. मागची लंगडत लंगडत उन्हात आली, तिनं म्हाताऱ्याकडे बघितलंसुद्धा नाही, सरळ बादलीत तोंड घातलं आणि पीत राहिली.

पहिली टाळी कुणी वाजवली मला ठाऊक नाही. दुसरी माझी होती, ते नाकारत नाही. टाळी कानावर पडली की हात आपोआप वर जातात, जन्माची सवय. हमाल वाजवायला लागले, टपरीवाला, इस्त्रीवाला, दोन्ही ट्रकचे ड्रायव्हर. कुणीतरी शिट्टी घातली. मुलगा रडत होता आणि हसत होता.

म्हातारा बादलीशी खाली बसला. त्यानं मेंढीच्या मानेवर कपाळ टेकवलं, चेहरा लोकरीत लपवला. टाळ्या थांबेनात. तेव्हा त्यानं तोंड वर केलं, आणि आताच उघडलेल्या त्या मोठ्या आवाजात, ट्रकतळाच्या शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं तो म्हणाला:

"नका हो टाळ्या वाजवू. त्या दिवशी ट्रकवाल्यांनीसुद्धा अशाच वाजवल्या होत्या."